बारवेवरचा थांबा

म्हटलं तर त्या दिवशीचं काम अगदी साधं होतं. पुण्याच्या दोन पाहुण्यांना सकाळी जळगावातून घ्यायचं आणि वाटेतली ठिकाणं दाखवत दाखवत दिवस मावळायच्या आत धुळ्याला सोडायचं. नुसतं पोचायचं म्हटलं तर हा रस्ता कोणीही डुलक्या काढत पार करतं. दिपमालाने मात्र त्याच रस्त्याची सहल केली होती. फरकांड्याचे झुलते मनोरे, पारोळ्याचा किल्ला, मध्ये शेवभाजी आणि कळण्याची भाकरी. गाडी घरची होती. ड्रायव्हरही घरचाच होता, आणि अडचण तिथेच होती.

ड्रायव्हर म्हणजे तिचे वडील, हिलाल नाना. उभा जन्म त्यांनी सावद्याहून दिल्लीला केळ्यांचे ट्रक नेले. शेवटी ट्रक विकून ही गाडी घेतली, ती लेकीच्या धंद्यासाठी. गाडी ते अशी चालवत की मागच्याच्या हातातला चहा हलत नसे. पण त्यांचं तोंड! पहिल्याच फेरीला त्यांनी नागपूरच्या पाहुण्यांना एरंडोलपर्यंत स्वतःच्या मूळव्याधीची हकीकत ऐकवली आणि पारोळा यायच्या आत "आमच्या पोरीसाठी एखादा नोकरीवाला पोरगा पाहा ना साहेब" म्हणून टाकलं. दिपमालाला चालत्या गाडीतून उडी मारावीशी वाटली होती.

"नाना, प्रत्येकाशी काय बोलत बसता!" घरी आल्यावर ती कडाडली. "मी एवढं शिकले, एवढी धडपड करते, आणि तुम्ही मला तिथे स्थळासारखं मांडता? पुढच्या फेरीपासून पाहुण्यांसमोर तुम्ही फक्त ड्रायव्हर. मी मॅडम. नातं सांगायचं नाही."

नाना हसले. "चाली. मॅडम तं मॅडम."

आई, भिकुबाई, दारातून बघत राहिली.

दुसऱ्या फेरीच्या सकाळी नाना जळगावात, पिंप्राळ्यातल्या घरासमोर गाडी धूत होते. दिपमालाने सांगितलं, "आज पारोळ्याच्या पुढे जुन्या रस्त्याने जायचं. तिथे एक बारव आहे. पायऱ्यांची, जुनी. फोटो फार सुंदर येतात."

नानांच्या हातातलं फडकं थांबलं.

"तठे गाडी नको थांबाडू, बेटा."

"का?"

"तठे एक म्हातारी पानी पाजस. पानी द्यायच्या आधी इचारते, संगे कोन शे, तुना कोन लागस. खरं सांगावं लागतं." नाना आवाज खाली आणून बोलू लागले. "मागे एक पोरगा धुळ्याला साहेब झाला. आईला घेऊन चालला होता, संगे दोस्त होते. तिथे कोणी विचारलं, ही कोण? तो म्हणे, घरची कामवाली. ती माउली तिथेच बसली, उठलीच नाही. पोरगा घरी गेला तर बायको दारात उभी राहून विचारते, तुम्ही कोण?"

"मग आधार कार्ड दाखवायचं ना त्याने!"

नाना हसले नाहीत. "जे नातं तू तठे खाली ठेवशील ना, ते ती उचलते. तिला घर पाहिजे, बस."

"नाना, पाहुण्यांसमोर असलं काही काढलंत तर बघा." एवढं बोलून ती गाडीत बसली. बेल्ट लावेपर्यंत गाडीने टुंग टुंग लावलं. नव्या गाडीची ही एक कटकट होती. कुठल्याही सीटवर वजन पडलं की बेल्ट लावल्याशिवाय गप्प बसायची नाही. केळ्यांची पिशवी ठेवली तरी टुंग टुंग. वैतागून नाना कधी कधी बेल्टच्या खाचेत नुसतीच एक क्लिप अडकवून तिला गप्प करत.

पाहुणे भले निघाले. सुमंत सर निवृत्त प्राध्यापक, त्यांच्या पत्नी अनघा मॅडम मृदू बोलणाऱ्या. "हिलालभाऊ, एसी जरा वाढवा," दिपमाला म्हणाली. बापाचं नाव पहिल्यांदा तोंडातून निघालं तेव्हा जीभ जरा अडखळली. पण नानांनी "हो मॅडम" म्हटलं आणि मग ते सोपं झालं. दुसऱ्यांदा तर काहीच वाटलं नाही.

पारोळ्याच्या किल्ल्यात ती तटावर चढून माहिती सांगत होती. सर आणि मॅडम जरा मागे, नानांपाशी रेंगाळले होते. नाना हात जोडून त्यांना काहीतरी सांगत होते. दिपमालाने वरूनच हाक मारली, "हिलालभाऊ, गाडी सावलीत घ्या!" नाना लगबगीने गेले.

बारवेशी पोचले तेव्हा ऊन डोक्यावरून कलंडलं होतं, पण वैशाखातलं खानदेशचं ऊन कलंडलं म्हणून निवत नाही. रस्त्याला माणूस नव्हतं. नवा हायवे झाल्यापासून इकडे कोण फिरकणार? काळी शेतं उघडी पडली होती, वारा नव्हता, आणि एवढ्या रखरखाटात त्या जागी मात्र ओल्या मातीचा वास होता, नव्या माठात पहिल्यांदा पाणी भरल्यावर येतो तसा. बारवेच्या पहिल्या पायरीवर, निंबाखाली, एक रांजण होता. रांजणाशेजारी एक म्हातारी बसली होती.

डोईवरून पदर, हातात तांब्याचा गडवा. मनगटावर हिरवं गोंदण. सर-मॅडमने ओंजळी पुढे केल्या तशी तिने मान वाकडी करून विचारलं, कोण? मॅडम हसून म्हणाल्या, "हे माझे मिस्टर." म्हातारीने पाणी ओतलं. मग दोघं फोटोसाठी कडेला सरकली, पण ऐकू जाईल इतक्याच अंतरावर.

नानांनी ओंजळ धरली होती. म्हातारी त्यांच्याकडे बघतच नव्हती. तिने दिपमालाकडे पाहिलं.

"हाऊ तुना कोन लागस, माय?"

नाना खाली बघत होते. ओंजळ तशीच.

एक शब्द सांगायचा होता. पण मॅडमची मान इकडे वळली होती, आणि सकाळपासून बापाला नावाने हाका मारल्यावर आता काय सांगणार? दिपमालाला त्या म्हातारीचा राग आला. नानांचा आला. सगळ्या म्हाताऱ्या माणसांचा आला. यांना चौकशा कशाला लागतात?

"कोणी नाही," ती म्हणाली. "गाडीचे ड्रायव्हर आहेत."

म्हातारी हसली. तोंडात एकही दात नव्हता. तिने गडव्याची धार दिपमालाच्या हातावर धरली. पाणी इतकं गार होतं की मनगटं दुखली. नानांची ओंजळ कोरडीच राहिली. त्यांनी ती हळूच सोडली, हात विनाकारण शर्टाला पुसले आणि गाडीकडे गेले.

दिपमालाचे कान तापले. संध्याकाळी बोलू, तिने मनाला सांगितलं. माफी मागू.

गाडी सुरू झाली आणि टुंग टुंग वाजू लागलं. दिपमालाने चटकन स्वतःच्या बेल्टला हात घातला, पण आवाज मागच्या सीटचा होता. सुमंत सरांनी बाजूला वाकून खटकन काहीतरी लावलं. आवाज थांबला.

"सगळं ठीक ना सर?"

"हो हो... अगदी."

सर खिडकीला चिकटून बसले होते. मॅडम दुसऱ्या खिडकीला, पर्स मांडीवर घेऊन. मधली जागा मोकळी. उन्हाने थकले असतील, तिने मनाशी म्हटलं. गाडीत ओल्या मातीचा वास भरला होता. ती बेल्ट काढून मागे वळली आणि धुळ्याबद्दल सांगू लागली, पण दोघं तिच्याकडे बघून नुसतं हसत, आणि मग मधल्या जागेकडे बघून पुन्हा तसंच अवघडून हसत. बोलता बोलता तिच्या लक्षात आलं... बेल्ट काढलाय, तरी गाडी गप्प आहे. नानांनी पुन्हा ती क्लिप अडकवली असणार. तिने खाली पाहिलं. क्लिप नव्हती.

धुळ्यात हॉटेलपाशी पाहुणे उतरले. गाडी निघताना अनघा मॅडमने मागच्या काचेकडे वळून हात जोडले. जुनी माणसं गाडीलाही नमस्कार करतात.

शहर मागे पडलं. सूर्य पाठीशी होता आणि गाडीच्या पुढे लांबच लांब सावली धावत होती.

"नाना..." तिने घसा खाकरला. "आज मी चुकले. त्या बाईसमोर मी तसं म्हणायला नको होतं."

"कशाचं मॅडम?"

"पुरे ना आता. पाहुणे गेले."

"हो, गेले ना. चांगले लोक होते." नानांनी आदराने विचारलं, "मॅडम, तुम्हाला जळगावात कुठे सोडू?"

टोमणा. तिला हक्काचा राग आला, आणि लगेच त्या रागाचीच लाज वाटली. टोमणा मारायचाच तर आज त्यांचा हक्क होता. पण नानांच्या चेहऱ्यावर टोमण्याचं काही नव्हतं. परक्या बाईशी बोलताना ते जसे नजर रस्त्यावर ठेवत, तशीच आताही ठेवली होती.

तिने फोन काढला. ज्यांच्यासमोर नाकारलं त्यांच्यासमोरच सांगायचं, आत्ताच, नानांना ऐकू जाईल असं.

"अनघा मॅडम, एक सांगायचं राहिलं. गाडी चालवत होते ते... ते माझे वडील आहेत."

पलीकडे मॅडम हसल्या. "अगं, माहीत आहे आम्हाला! किल्ल्यात त्यांनीच सांगितलं. म्हणाले, धंदा लेकीचा आहे, मी नुसता ड्रायव्हर. तिला चारचौघांत संकोच वाटतो, तुम्ही ओळख दाखवू नका. किती कौतुकाने बोलत होते तुझ्याबद्दल!"

दिपमालाच्या डोळ्यांपुढचा रस्ता पुसट झाला. म्हणजे नाकारायची गरजच नव्हती. सगळ्यांना ठाऊक होतं. तिची लाज सगळ्यांनी मिळून, तिला कळू न देता, झाकून ठेवली होती.

"आणि आजींचंही आम्ही काही विचारलं नाही हं," मॅडम मायेने म्हणाल्या.

"...कुठल्या आजी?"

"बारवेवर बसल्या ना गाडीत, आमच्यामध्ये. ह्यांनी बेल्ट लावून दिला त्यांना. वाटभर तुझ्याकडे बघत होत्या. म्हटलं, असतील घरच्याच. तुला सांगायला अवघड वाटत असेल..."

फोन हातातच राहिला. दिपमाला हळूहळू मागे वळली.

सीट रिकामी होती. पण मधल्या जागेचा पट्टा लावलेला होता, आणि तो लोंबत नव्हता. कोणाच्या तरी अंगावरून गेल्यासारखा फुगून, ताणून बसला होता.

नानांनी आरशात पाहिलं. त्यांचा चेहरा उजळला.

"दिपा, झोपनी का बेटा? आलंच घर."

"नाना!" ती किंचाळली. "मी इथे आहे! मी दिपा!"

नाना दचकले. गाडी मात्र जराही हलली नाही. "मॅडम, तुम्हाला ऊन लागलेलं दिसतं. पाणी घ्या."

"गाडी वळवा. बारवेवर चला. मला तिथे सांगायचंय..."

"दिवेलागणीला तिकडे कोणी थांबत नाही, मॅडम. आणि पोर दमली ना माझी."

तिने त्यांचा हात धरला. स्टिअरिंगवरचा तोच खरखरीत हात. नानांनी तो अदबीने सोडवून घेतला. परक्या बाईने हात धरल्यावर भला माणूस जसा शरमतो, तसे ते शरमले. तिने काच खाली केली, आणि जुन्या रस्त्याचा फाटा मागे गेला तेव्हा बाहेरच्या उघड्या रानाकडे तोंड करून ओरडली, "ते माझे वडील आहेत! माझे!" वाऱ्याने ते तिच्याच तोंडावर आणून टाकलं.

पिंप्राळ्यात दिवे लागले होते. गाडी थांबली तशी भिकुबाई पदराला हात पुसत बाहेर आली. तिने आधी मागचं दार उघडलं. "उनी का माय! तोंड कसं सुकनं मन्ही पोरनं," असं म्हणत हवेत हात फिरवला आणि कानशिलावर बोटं मोडली. खटकन पट्टा सुटला. अंगणातल्या धुळीत ओली पावलं उमटत उंबऱ्याकडे गेली.

मग भिकुबाईने दिपमालाला पाहिलं. दारी आलेल्याला पाणी द्यायचं, ही तिची रीत. तिने तांब्या आणला. कोणी न सांगता दिपमालाने ओंजळ पुढे केली. भिकुबाई तांब्या वाकवता वाकवता थांबली आणि नवऱ्याकडे वळली.

"हाई तुम्हनी कोन लागस?"

नानांनी दिपमालाकडे पाहिलं. बराच वेळ पाहिलं. कपाळावर आठी आली, काहीतरी अगदी जिभेवर आल्यासारखे ओठ हलले. दिपमालाने श्वास धरला.

तेवढ्यात आत, तिच्या खोलीत, दिवा लागला. खिडकीतून आवाज आला. शुद्ध, चढा, उतावळा. तिचाच.

"नाना, आत या ना आता! प्रत्येकाशी काय बोलत बसता!"

नानांचे ओठ मिटले.

"कोन्ही नही," ते भिकुबाईला म्हणाले, आणि चपला काढत लगबगीने आत निघाले. "उनू बेटा, उनू."