हिरामणचे चार ठोके

किल्ली मीच दिली होती, हे आधी सांगून टाकतो. वांगणीला माझी अर्धा एकर जागा आहे ना, तिथल्या खोलीची. म्हणजे गोष्ट माझ्या अंगावरची नसली तरी कुठली तरी ऐकीव नाही. समीर, गच्चीचं दार लोटून घे. राजसी, तू तो मोबाइल पालथा ठेव, डोळ्यांवर उजेड येतो. लाइट यायची तेव्हा येईल.

समोरच्या बिल्डिंगमधला अनीश माहीत आहे ना? केस वाढवलेला, खाली मान घालून चालतो तो. गिटार वाजवतो. तेही कसलं, तर हेवी मेटल. मी अंबरनाथला कारखान्यात तीस वर्षं पॉवर प्रेसच्या खात्यात काढली. रिटायर झाल्यावर पुन्हा तोच दणदणाट कानी पडला तर कोणाला गोड वाटेल? पण पोरगा सालस. आणि सिनेमात हिरो शर्टाच्या बाह्या सरसावतो तेव्हा मागून जी करकरीत गिटार सुरू होते ना, ती असलीच पोरं कुठेतरी बंद खोलीत बसून वाजवतात. त्यांची नावं कोणी लिहीत नाही.

अनीशचा जोडीदार होता हिरामण. बदलापूर गावातला, शेतकऱ्याचा पोर. तो ड्रम वाजवायचा, दोन्ही हात, दोन्ही पाय. सराव कशावर करायचा, तर गोठ्यात टांगलेल्या जुन्या टायरवर. रोज संध्याकाळी टायरच्या कडेला दोन काठ्या एकमेकींवर चारदा आपटायच्या, टक, टक, टक, टक, आणि मग सुरू. ती त्यांच्यातली रीत आहे. ड्रमवाल्यानं चार ठोके द्यायचे आणि पाचव्याला सगळ्यांनी एकदम घुसायचं. कोणी घुसलंच नाही, तर तो बिचारा एकटा पडतो.

दोघांची एकच हौस. एका तरी सिनेमात शेवटी दोघांची नावं शेजारी-शेजारी यावीत. हिरामणची आई, गोजरबाई, तिला अनीशनं शब्द दिला होता. "काकी, तुम्हाला टॉकीजमध्ये नेऊन दाखवीन." ती म्हणायची, "दाखव बाबा, तोवर मी मरत नाय."

मरायचा तो दुसराच मेला. दोन हजार बावीस साली माझ्याच खोलीवर त्यांचा सराव होता. हिरामणला उशीर झाला. अर्धा तास झाला, पाऊण झाला. अनीश वैतागला आणि त्यानं मेसेज टाकला, "राहू दे, नको येऊस. मशीनवर भागतं." म्हणजे कॉम्प्युटरमधले ड्रम. तो मेसेज हिरामणनं वाचलाच नाही. कर्जत रोडवर डंपरनं त्याची बाइक उडवली होती. काठ्या पाठीवरच्या पिशवीत तशाच होत्या.

त्यानंतर अनीशनं दुसरा ड्रमवाला घेतला नाही. गोजरबाईनं माझ्या खोलीवरचे त्याचे ड्रम उल्हासनगरला एका दुकानदाराला देऊन टाकले. अनीश दोन वर्षं त्या मशीनच्या तालावर एकटाच वाजवत बसला. मित्रांकडे जाईना, लग्नाला तयार होईना. त्याची आई माझ्यापाशी येऊन रडायची.

मग एक काम आलं. सिनेमाच्या शेवटच्या मारामारीचं संगीत, अडीच मिनिटं. संगीत दिग्दर्शक म्हणाला, पसंत पडलं तर नाव टाकीन. इथं शिरगावात एवढ्या मोठ्यानं वाजवलं तर सोसायटी अंगावर येते, म्हणून तो माझ्याकडे किल्ली मागायला आला. तारीख होती तीस नोव्हेंबर, दोन हजार चोवीस. शनिवार. अमावास्या होती हे मी नंतर कॅलेंडरमध्ये बघितलं. तुम्ही त्याला महत्त्व द्या, नका देऊ.

संध्याकाळी सातला तो पोचला. बटाटेवडे खाल्ले, लॅपटॉप लावला, गिटारच्या मोठ्या स्पीकरसमोर एक माइक आणि खोलीच्या मधोमध एक. कोपऱ्यात ड्रमच्या पायांचे गोल डाग लादीवर अजून होते. त्या कोपऱ्याकडे पाठ करून तो बसला. साडेनऊला वाजवलेलं पाठवून दिलं.

पंधरा मिनिटांनी दिग्दर्शकाचा आवाज आला, फोनवर. "अनीश, बजाया सही है, पर जान नहीं है यार. मुर्दा लग रहा है. सुबह आठ बजे तक दूसरा भेज, नहीं तो मैं किसी और से करवा लूंगा."

मुर्दा. तो शब्द त्याला लागला. खरंच होतं ते. इतकं एकटं आपल्याला आईच्या आजारपणातसुद्धा वाटलं नव्हतं, असं तो मला म्हणाला.

पावणेअकराला त्यानं पुन्हा वाजवलं. मग हेडफोन लावून ऐकायला बसला. सुरुवातीला...

टक. टक. टक. टक.

त्याला वाटलं, जुनं काही लॅपटॉपमध्ये मिसळलं. हे ठोके नेहमी कापूनच टाकतात, सिनेमात कोणी ठेवत नाही. त्यानं कापले. पुन्हा वाजवलं, पुन्हा ऐकलं.

टक. टक. टक. टक.

मशीनचे ड्रम बंद केले. हिरामणच्या जुन्या फाइली शोधल्या. एकही नव्हती. पंखा बंद केला. बाहेर कुत्रंसुद्धा भुंकत नव्हतं. त्यानं हेडफोन काढून मांडीवर ठेवले...

आणि ठोके खोलीत पडले.

पाठीमागे. कोपऱ्यात.

चार. मग काहीच नाही.

दार सहा पावलांवर, पण दाराकडे जायचं तर वळावं लागणार होतं.

पुन्हा चार. पुन्हा शांतता.

"हिऱ्या...?"



पुन्हा चार. या वेळी जरा हळू. कोणी दारावर थाप मारून थकावं, तसे.

तेव्हा अनीशला रडू फुटलं. भीतीनं नाही. त्याच्या ध्यानात आलं, हा ठोके देतोय आणि कोणी घुसत नाहीये. दोन वर्षं... कोणी घुसलंच नाहीये.

त्यानं गिटार गळ्यात अडकवली. रेकॉर्डिंगचं बटण दाबलं. डोळे मिटले.

टक. टक. टक...

टक.

तो घुसला.

आणि मागून ड्रम आले. माझ्या खोलीची लादी हलली, खिडकीची काच थरथरली. अडीच मिनिटं. तो म्हणतो, काका, मानेवर वारा लागत होता, काठ्या खाली-वर होताना लागतो तसा. एकदाही मागे वळून बघितलं नाही. बघितलं तर थांबेल, ही भीती.

मग संपलं.

"हिऱ्या, तो मेसेज... मी रागात टाकला होता रे."

...

"थांबतोस का जरा?"

...

कोणी थांबलं नाही. तो वळला तेव्हा लादीवर ते गोल डाग, बाकी काही नाही. पहाटेपर्यंत तो तिथंच कोपऱ्यात बसून राहिला. मग उठून, सवयीनं, सुरुवातीचे चार ठोके कापले आणि फाइल पाठवून दिली. सवय वाईट असते.

आठ वाजायच्या आत उत्तर आलं. "अब आया मज़ा! ये ड्रमर कौन है? नाम भेज, लिस्ट में डालता हूं."

अनीशनं नाव पाठवलं. आडनावासकट.

सकाळी नऊला किल्ली परत द्यायला आला तेव्हा माझ्या पायरीवर बसून त्यानं हे सगळं सांगितलं. मी काय केलं? चहा पाजला आणि म्हटलं, झोप नीट घे. मला वाटलं, पोराच्या डोक्यावर परिणाम झाला. माइकनं ड्रम कुठून पकडले, याचा विचारच मी टाळला.

पुढे सिनेमा लागला. नाव सांगत नाही, आठवडाभरसुद्धा चालला नाही. अनीशनं शब्दाप्रमाणे गोजरबाईला बदलापूरच्याच टॉकीजमध्ये नेलं, आणि मलाही ओढलं. ती बाई नऊवारी सावरत आमच्या दोघांच्या मध्ये बसली. मारामारी यायच्या आधी पडदा एकदम काळा झाला, आवाज बंद. सगळं टॉकीज गप्प.

टक. टक. टक. टक.

मग संगीत कोसळलं. गोजरबाईनं माझं मनगट धरलं, ते शेवटपर्यंत सोडलं नाही.

नावं वर सरकायला लागली तसा अनीश उठून उभा राहिला. "काकी, ते बघा, ते बघा! आमचं दोघांचं!"

ती बसूनच होती. पदरानं डोळे पुसत होती.

"मला कुठं वाचता येतंय रं बाबा?" ती म्हणाली. "पन माझा पोर मी मघाशीच वळखला. चार मारल्याबिगर त्यो कधी सुरू करायचा नाय."

अनीशनं माझ्याकडे बघितलं. "काका, ते चार तर मी कापले होते." घरी येऊन त्यानं पाठवलेली फाइल मला लावून दाखवली, मी याच कानांनी ऐकली. ती थेट गिटारपासून सुरू होते. दिग्दर्शकाला फोन लावला, तर तो म्हणाला, जैसी भेजी वैसी लगाई, हमने कुछ नहीं डाला.

सिनेमा आता मोबाइलवर आलाय. राजसी, बघायचाय का तुला? शेवटची मारामारी काढ, काळा पडदा येईल...

नको? बरं. राहू दे मग पालथाच.