एकेचाळीस झेंड्यांची सरळ रांग

"एकोणचाळीस, चाळीस, एकेचाळीस! झाली मोजणी! चला आता बर्फाचा गोळा खायला!" फेर्मिन ओरडला आणि सायकलीकडे पळायला लागला.

"थांब!" नेल्दाने मागून त्याचा शर्ट धरला. "काहीतरी चुकलंय."

"काय चुकलंय? काल एकेचाळीस, परवा एकेचाळीस, आज एकेचाळीस. माझं गणित एवढंही कच्चं नाही!"

"आकडा बरोबर आहे. झेंड्या चुकल्यात."

नेल्दा तेरा वर्षांची आणि फेर्मिन तिचा दहा वर्षांचा भाऊ. सुट्टी लागल्यापासून दोघं रोज सायकली दामटत अमेरिकेतल्या ब्राउन्सव्हिलबाहेरच्या पालो आल्तोच्या माळावर येत होती. नदीपलीकडच्या, मेक्सिकोतल्या मातामोरोसहून सुट्टीला आलेली त्यांची मावसबहीण ओतिलियाही सोबत असायची. १८४६ साली अमेरिका आणि मेक्सिको यांच्यात सरहद्दीवरून युद्ध पेटलं, त्याची पहिली मोठी लढाई याच माळावर झाली होती. कुंपणाच्या आतला माळ सरकारने जपून ठेवलेला होता. कुंपणाबाहेरची ही लांबट पट्टी मात्र डोन्या लेओकादिया नावाच्या म्हाताऱ्या बाईंच्या मालकीची होती, आणि सध्या सगळं घोडं इथेच अडलं होतं.

तिघांची मावशी, तिया अंपारो, जुन्या वस्तू जमिनीतून शोधून त्यांचा अभ्यास करायची. मेक्सिकन सैन्याच्या रांगेचं टोक या पट्टीपर्यंत पोचलं होतं, असं तिचं म्हणणं होतं. तिच्या माणसांनी इथे धातुशोधक यंत्र फिरवलं आणि ते जिथे जिथे वाजलं, तिथे तिथे एकेक लाल झेंडी रोवली. झेंड्यांच्या काड्या मुद्दाम प्लॅस्टिकच्या होत्या. तारेच्या असत्या तर यंत्र त्यांनाच वाजलं असतं. आधी प्रत्येक झेंडीची जागा नकाशावर घ्यायची आणि मगच खणायचं, असा तिचा नियम होता. तोवर झेंड्यांना कुणी हात लावायचा नव्हता. मुलांनी रोज दुपारी बारा वाजता त्या मोजायच्या आणि वहीत आकडा लिहायचा.

"काल त्या अशा होत्या," ओतिलियाने मूठभर खडे भिरकावून दाखवले. "आणि आज बघा! चर्चमधल्या बाकांसारख्या!"

खरंच की! गुडघाभर वाढलेलं टोकदार गवत कापून टाकलेलं होतं आणि त्यातून झेंड्यांची एक लांबलचक रांग गेली होती. अगदी सरळ! दोन झेंड्यांमधलं अंतरही सगळीकडे सारखंच.

"छान दिसतात पण," फेर्मिन म्हणाला.

"छान?" नेल्दा म्हणाली. "अरे, तोफेच्या गोळ्याचे तुकडे काय पट्टी लावून पडतात?"

पलीकडे मेस्कीटच्या झाडाखाली गवत कापायचा ट्रॅक्टर उभा होता. त्याच्या सावलीत गवत कापणारे डॉन चोन घेवड्याचा टाको खात बसले होते. तिघं धावतच त्यांच्यापाशी पोचली.

"डॉन चोन, झेंड्यांना कुणी हात लावला?"

"मीच की!" डॉन चोननी मिशा पुसल्या. "ट्रॅक्टरच्या पात्यात आल्या असत्या. म्हणून उपटल्या, गवत कापलं आणि परत लावून दिल्या. एकेचाळीसच्या एकेचाळीस! एकही हरवली नाही हं!"

"पण सरळ रांगेत का लावल्यात?"

"अगं, चाळीस वर्षं कुंपणं घालतोय मी. या भागातले निम्मे खांब माझ्या हातचे आहेत. वाकडं लावायला माझा हातच वळत नाही बघ! आणि ते तर शिपाई होते. शिपाई रांगेत सरळच उभे राहणार ना?"

मग नेल्दा त्यांच्या शेजारी बसली आणि तिने सगळं सावकाश सांगितलं. झेंडीखाली काय आहे याच्याइतकंच ते कुठे आहे हेही महत्त्वाचं होतं. जागा हरवली तर शिपायाच्या कोटाचं बटण म्हणजे नुसतं बटण! डोन्या लेओकादियांच्या या पट्टीवर गोदामं बांधायला एक गिऱ्हाईक तयार होतं. त्या तियाला म्हणाल्या होत्या, "जिथे माणसं पडली ती माती मी विकणार नाही. पण नुसत्या अंदाजावर गिऱ्हाईकही परत पाठवणार नाही. शुक्रवारी सूर्य मावळेपर्यंत पुरावा दाखव मला."

आणि आज शुक्रवार होता!

डॉन चोनच्या हातातला टाको तसाच राहिला. "म्हणजे मी... अरे देवा! तुमच्या मावशीला बोलवा ताबडतोब!"

"ती सान आंतोनियोहून निघालीय. चारशिवाय पोचत नाही आणि गाडीत फोन नाही."

तेवढ्यात एक पांढरी गाडी धुरळा उडवत आली. झेंड्यांच्या जागा मोजून नकाशावर घेणारे मिस्टर व्हिटलो आले होते. त्यांनी काच फक्त चार बोटं खाली केली. आतली गार हवा फुकट जायला नको!

"झेंड्या हलल्या?" मुलांचं ऐकून त्यांनी विचारलं. "किती हलल्या?"

"सगळ्या!" तिघं एकदम म्हणाली.

"एकेचाळीस होत्या, एकेचाळीस आहेत. पावलाभराने इकडे नाहीतर तिकडे! दीडशे वर्षांनी कोण भांडायला येणार आहे? मी रस्त्यावरचं काम उरकून तीनला येतो. तोवर इथे नाचू नका."

काच वर गेली आणि गाडी निघूनही गेली.

"पावलाभराने म्हणे!" ओतिलिया लालबुंद झाली. "आमचे शिपाई भर उन्हात दुपारपासून अंधार पडेपर्यंत तोफांसमोर उभे राहिले, आणि यांना काच खाली करवत नाही!"

"'आमचे' काय म्हणून?" फेर्मिन म्हणाला. "आमच्या पणजोबांचे आजोबा तेव्हा नदीच्या याच काठावर मेक्सिकोत राहत होते. सरहद्द सरकली, आम्ही इथल्या इथेच! ते माझेही शिपाई आहेत!"

"मग भांडत काय बसलास? काम कर!"

"काम काय करायचं ते तरी सांग!"

नेल्दा मात्र जमिनीकडे बघत होती. पावसाशिवाय सुकून माती विटेसारखी टणक झाली होती. "डॉन चोन, इतक्या कडक मातीत तुम्ही झेंड्या रोवल्यात कशा?"

"पहारेने भोकं पाडली."

"आणि तियाच्या माणसांनी खिळा ठोकून भोकं पाडली होती. मी पाहिलंय! पहारेचं भोक अंगठ्याएवढं, खिळ्याचं पेन्सिलीएवढं. माती कडक आहे, म्हणजे खिळ्याची भोकं अजून तशीच असणार!"

"पण मुंग्यांची भोकंही असतीलच की," फेर्मिन म्हणाला.

"मुंग्यांच्या भोकाभोवती मातीचे कण असतात आणि ते आत वाकडं जातं. काडी सरळ बोटभर आत गेली, तर ते खिळ्याचं."

आखाताच्या बाजूने ढग चढायला लागले होते. डॉन चोननी वर पाहिलं. "पोरांनो, पाचच्या आत पाऊस येणार. ही माती पाणी प्यायली की फुगते. भेगा, भोकं, सगळं मिटून जाईल."

"खुणेला काय लावायचं?" ओतिलियाने विचारलं. "झेंड्या तर उपटायच्या नाहीत. त्या तशाच राहिल्या तरच चूक दाखवता येईल."

फेर्मिनने तोवर सायकलवर टांग टाकलीही होती. फाटकाजवळ त्यांची आई बर्फाच्या गोळ्यांची गाडी लावायची. पाच मिनिटांत तो प्लॅस्टिकच्या चमच्यांचं खोकं घेऊन परतला. निळे, पिवळे, हिरवे चमचे! "आई म्हणाली, मोजून परत आण. आणि मी गोळा खाल्लेला नाही, याची नोंद घ्या!"

चौघं हाताच्या अंतरावर शेजारी शेजारी रांगायला लागली. गवताचे खुंट सुयांसारखे टोचत होते. गुडघे सोलवटले. डॉन चोननी टोपीची किनार वर केली आणि नाक जमिनीला टेकवलं.

"सापडलं!" ओतिलिया किंचाळली. काडी सरळ बोटभर आत गेली. पहिला निळा चमचा उभा राहिला.

मग दुसरा. मग एका जागी चार, अगदी जवळजवळ. मग कितीतरी वेळ काहीच नाही. अडीच वाजेपर्यंत अडतीस चमचे लागले होते. पट्टी दोनदा पालथी घालूनही उरलेली तीन भोकं काही सापडेनात.

"लाव ना कुठेही तीन," फेर्मिन कुजबुजला. "कुणाला कळणार आहे?"

"मला," नेल्दा म्हणाली आणि तिने वहीत लिहिलं, 'अडतीस सापडली. तीन सापडली नाहीत.'

तीन वाजता मिस्टर व्हिटलो आले. तिपाईवर त्यांचं जागा मोजायचं यंत्र चढलं आणि मग त्यांचं लक्ष गेलं.

"हे काय? पार्टी झाली का इथे?"

डॉन चोन पुढे झाले. त्यांनी टोपी काढून हातात घेतली होती. "चूक माझी आहे, साहेब. झेंड्या मी हलवल्या. खऱ्या जागा चमच्यांच्या आहेत."

"बर्फ खायच्या चमच्यांची नोंद मी सरकारी नकाशावर करू? लोक हसतील मला!"

"मग पैज लावा!" ओतिलिया कमरेवर हात ठेवून उभी राहिली. "तियाचं धातुशोधक यंत्र फाटकाजवळच्या कुलूपबंद ट्रेलरमध्ये आहे. आम्हाला हात लावायची बंदी आहे, पण किल्ली तुमच्याकडे आहे. तुमच्या झेंड्यांपाशी ते वाजलं, तर तुमची तिपाई डोक्यावर घेऊन मी पूल ओलांडून मातामोरोसपर्यंत जाईन!"

"आणि नाही वाजलं तर?"

"तर चमच्यांची नोंद. मुकाट्याने!"

मिस्टर व्हिटलो हसले. "मान अवघडेल तुझी, पोरी."

"एका झेंडीवर थांबू नका," नेल्दा शांतपणे म्हणाली. "योगायोगाने एखादी वाजेलही. दहा बघा. मग दहा चमचे बघा. कुठले ते तुम्हीच ठरवा."

पहिली झेंडी. यंत्र गप्प. दुसरी गप्प. तिसरी, चौथी, पाचवी... मिस्टर व्हिटलोंनी यंत्राला एक चापट मारली. आठव्या झेंडीपाशी ते 'टुंई' करून वाजलं आणि ओतिलियाचा हात आपोआप डोक्याकडे गेला. नववी गप्प. दहावीही गप्प!

"आता चमचे," नेल्दा म्हणाली.

टुंई! टुंई! टुंई! दहाच्या दहा वाजले. मिस्टर व्हिटलोंनी हट्टाने अकरावाही तपासला. टुंई!

त्यांनी घाम पुसला आणि त्या सरळ रांगेकडे पाहिलं. "आणि मी हेच नकाशावर चढवणार होतो," ते हळू आवाजात म्हणाले. मग एकदम ओरडले, "उभे काय राहिलात? चमच्याचा नंबर सांगा! पाऊस माझ्यासाठी थांबणार नाही!"

नेल्दा नंबर सांगत होती, ओतिलिया खुणेची काठी धरत होती, फेर्मिन नुसता धावत होता. चार वाजता तिया अंपारो दोन मदतनिसांसह पोचली. घडलेलं ऐकताना तिचा चेहरा आधी पांढरा पडला आणि मग लाल झाला. तिने खुरप्या वाटल्या आणि एक डॉन चोनच्याही हातात दिली.

"मला देतेस?" डॉन चोननी विचारलं.

"तुमचा हात सरळ आहे. मला खड्ड्यांच्या कडा सरळच हव्यात."

पहिल्या खड्ड्यातून गंजून लाल झालेला लोखंडाचा तुकडा निघाला. "अमेरिकन तोफेचा," तिया म्हणाली. "त्यांनी डागलेला गोळा इथे फुटला, म्हणजे ज्यांच्यावर डागला ते इथेच होते." मग शिशाची गोळी निघाली, न झाडलेली, कुणाच्या तरी हातातून निसटलेली. पुन्हा लोखंड. आणि मग, जिथे चार चमचे दाटीने उभे होते तिथे, डॉन चोन थबकले.

"अंपारो, हिरवं काहीतरी आहे."

बटण होतं. त्याच्या हिरव्या थराखाली अर्धवट एक आकडा दिसत होता. फेर्मिनने बोट पुढे केलं.

"खरवडायचं नाही!" तिया म्हणाली. "आकडा प्रयोगशाळेत वाचू. पण मेक्सिकन पलटणीच्या कोटाचं आहे, एवढं मी आत्ताच सांगते."

पावसाचे पहिले थेंब पडले तेव्हा, आज जेवढे खणून झाले त्यांतल्या शेवटच्या खड्ड्याची नोंद चालू होती. फाटकाशी एक जुनी गाडी थांबली आणि डोन्या लेओकादिया काठी टेकत उतरल्या. तियाने छत्री धरून त्यांना नकाशाचा कागद दाखवला. अडतीस ठिपके होते. लांबून पाहिलं की त्यांचा एक किंचित वाकडा पट्टा दिसत होता.

"सगळ्या खुणा या पट्ट्यातच सापडल्या," तिया म्हणाली. "मागे काही नाही. त्यांच्यावर गोळे पडत राहिले आणि ते जागा सोडून मागे गेले नाहीत."

"चमचे कुणी लावले?" डोन्या लेओकादियांनी विचारलं.

तिघांनी डॉन चोनकडे पाहिलं आणि डॉन चोननी तिघांकडे.

"या पोरांनी," मिस्टर व्हिटलो म्हणाले. "आणि झेंड्यांना मी भुललो. तेही लिहा हवं तर."

"मी एक वेगळी गोष्ट सांगते," तिया अंपारोने नेल्दाची धुळीने माखलेली वही वर धरली. "भोकं अडतीसच सापडली आणि हिने अडतीसच लिहिली. एकेचाळीस लिहिणं किती सोपं होतं! माझ्या अहवालात नोंद करणाऱ्यांची नावं असतात. या वेळी तिथे चार नावं जास्तीची येतील. डॉन चोन, तुमचं पूर्ण नाव सांगून ठेवा."

डॉन चोननी टोपी पुन्हा डोक्यावर ठेवली आणि ताठ उभे राहिले. "एन्कार्नासियोन सावेद्रा. कुंपणवाला."

डोन्या लेओकादिया चमच्यांच्या कडेकडेने चालत शेवटपर्यंत गेल्या. मग त्यांनी ओतिलियाला बोलावलं. "तू पलीकडची ना? बटण सापडलं तिथे उभी राहा बघू. तोंड उत्तरेकडे."

ओतिलिया उभी राहिली. नेल्दा तिच्या डाव्या हाताला गेली आणि फेर्मिन उजव्या. खांद्याला खांदा लागला. समोर ओला माळ पार क्षितिजापर्यंत उघडा पडला होता. लपायला एक झुडूपसुद्धा नव्हतं! पाऊस जोरात आला, पण तिघांपैकी कुणीच हललं नाही.

म्हाताऱ्या डोन्या लेओकादिया काठी टेकत तियाकडे वळल्या.

"सोमवारी मी त्या गोदामवाल्याला फोन करते," त्या म्हणाल्या. "सांगते त्याला, जागा रिकामी नाही. तिथे माणसं उभी आहेत."