सातव्या कप्प्याचं दार

बसा असे जवळ. ही गोष्ट रोदियोन इग्नातिचची. आमच्याच इमारतीत, तिसऱ्या मजल्यावर राहायचा, पाणबुडीवर नोकरीला होता. बढाया मारणारा माणूस नव्हता.

गेल्या वर्षीची चौदा जानेवारी. दुपारचे दोन वाजून दहा मिनिटं. अर्थात त्या दिवसांत तिकडे उत्तर ध्रुवाजवळ दुपार कसली, वर चोवीस तास काळोखच. त्याची पाणबुडी दीडशे मीटर खोल, बर्फाची जाडी खालून मोजत संथ चालली होती. चीफ इंजिनिअरने रोदियोनला सांगितलं, सातव्या कप्प्यातल्या पंपाचा दाब बघून ये. पाच मिनिटांचं काम. चहा अर्धा ठेवून तो निघाला.

एरवी तो तिकडे जायचं टाळायचा. आदल्या मोहिमेत सातव्या कप्प्यात आग लागली होती. आत एफिम अडकला होता, त्याचा जिवलग, त्याला रोद्का म्हणणारा. दार उघडलं असतं तर आग पुढे पसरून नव्वद माणसं मेली असती. म्हणून हुकमाप्रमाणे रोदियोनने बाहेरून दाराचं चाक धरून ठेवलं. अकरा मिनिटं. एफिमने आधी हाका मारल्या, मग शिव्या दिल्या. शेवटी नुसता दार ओरबाडत राहिला.

सहाव्या कप्प्यात इल्दार नावाचा नवा खलाशी पहाऱ्यावर होता. आत कोण आहे, असं रोदियोनने विचारलं. कोणीच नाही म्हणाला, सकाळपासून दार बंद आहे.

तेवढ्यात चाक फिरलं.

आतून.

रोदियोनने धावत जाऊन ते पकडलं. लोखंड गरम होतं. मग एक ठोका... आणखी एक...

“रोद्का, उघड ना रे. भाजतंय.”

इल्दारनेही ऐकलं. “आत माणूस आहे, इग्नातिच. सोडा ते!” म्हणत तो चाकावर झेपावला. रोदियोनने त्याचं डोकं धरून पाइपावर आपटलं. नाक फुटलं. पोरगा उठला, तसा पाना उचलून त्याच्या जबड्यावर हाणला. दोन दात जमिनीवर पडले. रोदियोन भानावर नव्हता. तो पुन्हा चाकाला लटकला. चाक गर्रकन फिरलं आणि त्याचं उजवं मनगट कडकन मोडलं. मग डावं. तरी त्याने कोपर अडकवून धरलं.

“रोद्का...”

इल्दार रक्त थुंकत रडत होता.

रोदियोन थांबला. म्हणाला, “उघडतो, एफिम. या वेळी उघडतो.”

कोपर काढलं. दार धाडकन उघडलं. जळक्या मांसाच्या वासाचा एक तापलेला झोत दोघांनाही फेकून देऊन पुढे निघून गेला.

आत... कोणी नव्हतं. गारठा. पंपाचा दाब बरोबर होता.

मनगटं बघून कप्तानाने वर यायचा हुकूम दिला. पातळ जागा शोधून पाणबुडी बर्फ फोडून वर आली. पुढचं झाकण उघडून कप्तान स्वतः पहिला बाहेर पडला. त्याने बॅटरीचा झोत मागे टाकला.

पाणबुडीच्या शेपटाजवळून बर्फावर पावलांचे ठसे निघाले होते. माणसाचे, अनवाणी. दक्षिणेकडे जाणारे, परत येणारा एकही नाही.

प्रत्येक पावलाखालचं बर्फ वितळलेलं... आणि त्यातून अजून वाफ निघत होती.