तळघरातल्या कवटीचे बारसे

नोव्हेंबरातल्या एका ढगाळ दुपारी आमेदेओ त्रामोन्तानो घराबाहेर पडला, तो स्वतःचाच आवाज तपासण्यासाठी. काम किरकोळ होते. कॉफी घेऊन निघायचे, कानांना हेडफोन लावायचे, सानिता वस्तीच्या गल्ल्यांतून एक फेरी मारायची आणि अंधार पडायच्या आत परतायचे. तरीही त्याने बूट पुसले, गळ्याला रेशमी रुमाल बांधला आणि आरशात हनुवटी किंचित वर उचलून पाहिली. उभी हयात नेपल्सच्या रंगभूमीवर काढलेला माणूस भाजी आणायला निघाला तरी प्रवेशच घेतो.

सकाळी मिलानहून बेनेदेत्ताबाईंचा फोन आला होता. परदेशी पाहुण्यांनी वाटाड्याशिवाय, मोबाइलवर ऐकत ऐकत शहर पाहावे, अशा ऑडिओ टूर ही बाई तयार करून विकत असे. नेपल्सशी तिचा परिचय आगगाडीच्या वेळापत्रकापुरता होता. सानिताच्या टूरमधला शब्द न् शब्द आमेदेओने लिहिला होता आणि वाचलाही त्यानेच होता.

"आमेदेओसाहेब, तक्रारी येताहेत. तळघराच्या थांब्यावर गोष्ट संपली तरी आवाज थांबत नाही म्हणे. काहीतरी पुटपुटत राहतो."

"पुटपुटतो? बाई, मी जन्मात कधी पुटपुटलेलो नाही. शेवटच्या रांगेतल्या बहिऱ्यालाही माझा शब्द स्पष्ट कळत असे."

"म्हणूनच एकदा स्वतः चालून ऐका आणि काय आहे ते सांगा. या आठवड्यात निस्तरलं नाही, तर आम्ही यंत्राचा आवाज लावणार. स्वस्त पडतो, शिवाय त्याचा घसा बसत नाही."

त्यावर काहीतरी झोंबणारे बोलावे असे त्याला वाटले, पण 'आजच जातो' म्हणून त्याने फोन ठेवला. ज्या नाट्यगृहात त्याने राजे आणि खुनी उभे केले होते, तिथे आता गोठवलेली मासळी विकत असत. त्याला बायको नव्हती, मूल नव्हते, नाटकही उरले नव्हते. उरला होता तो आवाज, आणि त्या आवाजाला उरलेली रंगभूमी म्हणजे ही एवढी टूर. तीही यंत्राच्या घशात गेली, तर आमेदेओ त्रामोन्तानो हा केवळ एक म्हातारा भाडेकरू होता.

गल्लीत तळणाचा वास कोंडला होता. डोक्यावर ओल्या चादरी लोंबत होत्या आणि अंगावर येणाऱ्या स्कूटरी आयत्या वेळी वळत होत्या. त्याने बटण दाबले. 'मित्रहो,' त्याच्या कानात त्याचाच खर्ज उमटला, 'आता डावीकडे वळा.' पुढे चाललेली पाहुण्यांची एक जोडी त्याच क्षणी डावीकडे वळली. आमेदेओने ओठ मुडपले. हा माणसांचा कळप! हजार मैल विमानाने यायचे आणि मान कुठे वळवावी हे एका बटणाला विचारायचे. यांना एखाद्या गटाराशी उभे करून 'येथे राणी न्हात असे' म्हणून सांगितले असते, तरी यांनी गटाराचा फोटो काढला असता. आणि अशांच्या तक्रारीवरून आपली परीक्षा!

मात्र आवाज चोख होता. प्रत्येक थांब्यावर तो लक्ष देऊन ऐकत गेला आणि मनातल्या मनात स्वतःला दाद देत गेला. सांता रेपाराताच्या देवळापाशी पोहोचेपर्यंत त्याची खात्री झाली होती की पुटपुटणारा कोणी असलाच, तर तो ऐकणाऱ्याच्या रिकाम्या डोक्यातला वारा असणार.

देवळाच्या मागल्या दाराने खाली उतरले की तळघर लागे. कोरड्या आडासारखे खोल, पिवळ्या मऊ दगडात कोरलेले. जुन्या साथींत मेलेल्या, कुणी वाली नसलेल्या माणसांच्या कवट्या तिथे कोनाड्याकोनाड्यांतून मांडलेल्या होत्या. ओल्या दगडाचा, मेणाचा आणि फार दिवस न उघडलेल्या कपाटाचा वास एकदमच अंगावर येई. एका कोनाड्यासमोर पाठीत वाकलेली नुन्झियाटा मावशी फडक्याने एक कवटी पुसत होती. वस्तीतल्या बायका पिढ्यान् पिढ्या हे करीत आल्या होत्या. एक बेवारस कवटी आपली मानायची, तिला पुसायचे, तिच्यापुढे दिवा लावायचा आणि स्वर्ग-नरकाच्या मधल्या आगीत अडकलेल्या त्या जिवाला गारवा मिळो म्हणून प्रार्थना करायची.

"आले का नाटकवाले!" मावशी मान न वळवताच म्हणाली.

"अजून जिवंत आहेस का, मावशी?"

"इथे खाली मी तो भेद करत नाही. ज्याला पुसावं लागतं त्याला पुसते. तुम्हाला पुसू का? फार धूळ बसलीय."

"तुझा थुंकी लावलेला बोळा तुझ्या हाडांनाच लखलाभ."

"हसा. तुमच्या त्या ओर्तेन्सियाला तरी हसू येतंय का, बघा जरा."

कोपऱ्यातल्या कोनाड्यात ती कवटी होती. लहानखुरी, कपाळावर कायम ओल असणारी. टूर लिहिताना तिच्याविषयी सांगण्याजोगे काहीच सापडले नव्हते, म्हणून आमेदेओने एका संध्याकाळी मद्याचा पेला हाती घेऊन तिचे बारसे केले होते. ओर्तेन्सिया हे नाव त्याला उच्चारायला आवडे. मग नावाला शोभेल असे चरित्र हवे, म्हणून ओर्तेन्सियाने आपल्या प्रियकराला स्पॅनिश सुभेदाराच्या शिपायांकडे धरून दिले, तो फासावर गेला आणि त्या पापाचा घाम अजून तिच्या कपाळावरून वाळत नाही, असे त्याने रचले. पाहुण्यांना ते फार आवडले. तेव्हापासून ते तिच्यासमोर उभे राहून 'ओर्तेन्सिया, ओर्तेन्सिया' म्हणत आणि काहीजण तिच्या कपाळावर टिचकी मारीत.

"दोन महिने झाले, तिचं कपाळ कोरडं ठाक आहे," मावशी म्हणाली. "ती ओल म्हणजे तिला मिळालेला गारवा. तोच आटला. अहो, आमच्यात कुणी परस्पर नाव देतं का? पुसायचं, दिवा लावायचा आणि वाट बघायची. वर्ष लागो, नाहीतर आपला जन्म जावो. तिला वाटेल तेव्हा ती स्वप्नात येते आणि आपलं नाव आपण सांगते. तुम्ही काही मिलानचे नाही. याच गल्लीत रांगलात. तुम्हाला ठाऊक नव्हतं?"

"ठाऊक होतं. म्हणून तर मौज वाटली."

"आता तिला त्याच नावाने हाक मारतात. दिवसभर. जगभरची माणसं. हाक आली की मेलेल्याला ओ द्यावीच लागते, आमेदेओ. आणि ओ देणार कशाने? तिला आवाज कुठाय?"

आमेदेओने मावशीकडे पाठ फिरवली आणि त्या थांब्याची ध्वनिफीत सुरू केली. गोष्ट उत्तम रंगली होती. फासाच्या प्रसंगी घेतलेला विराम तर त्याला स्वतःलाच पुन्हा ऐकावासा वाटला. गोष्ट संपली. शांतता झाली. त्याने विजयी मुद्रेने हेडफोनकडे हात नेला, तोच...

'...मी कुणालाही धरून दिलेलं नाही...'

आवाज त्याचाच होता. तोच खर्ज, तीच शब्दांची चिरेबंदी. फक्त हे वाक्य त्याने कधी उच्चारलेले नव्हते.

त्याने फीत मागे नेली. पुन्हा तीच गोष्ट, तोच विराम, तीच शांतता. '...हे नाव माझं नाही... उतरव...' या खेपेस शब्द वेगळे होते. स्टुडिओतल्या त्या केस रंगवलेल्या पोराचा हा चावटपणा, दुसरे काय! कुठून कुठून तुकडे जोडले असतील गाढवाने. बेनेदेत्ताबाईंना सांगून त्याला हाकलून लावू.

"मावशी," तो हेडफोन न काढताच म्हणाला, "हा निव्वळ तांत्रिक..."

'तिच्याशी नको. माझ्याशी बोल.'

कानात कोणीतरी श्वास घेत होते, दीर्घ आणि पोटातून, जसा तो स्वतः रंगमंचावर जाण्यापूर्वी घेत असे. त्याने हेडफोन ओढून गळ्यात टाकले. मावशी आता त्याच्याकडे पाहत होती, आणि तिच्या नजरेत थट्टा उरली नव्हती.

"माफी मागा," ती हळूच म्हणाली. "नाव परत घ्या. आणि हे बघा... साध्या आवाजात मागा. इथे नाटक नको."

एका हाडापुढे माफी! त्याला स्वतःचीच शरम वाटली. पण आठवड्याअखेर यंत्राचा आवाज येणार होता. दोन शब्द बोलून हे निस्तरणार असेल तर बोलावेत. मात्र बोलायचेच, तर आमेदेओ त्रामोन्तानो जसा बोलतो तसे.

तो कोनाड्यापुढे गेला. एक पाय मागे घेऊन वाकला आणि हात पसरून त्याने छातीतला सगळा आवाज बाहेर सोडला. "हे अनामिके! या अभागी नटाने तुझ्या मौनाला कलंक लावला. ते नाव मी परत घेतो. क्षमा कर!" छताच्या कमानीतून शब्द घुमून परत आले. किती वर्षांनी त्याला असा घुमारा मिळाला होता! पायऱ्यांवर उभ्या असलेल्या चारदोन पाहुण्यांनी टाळ्या वाजवल्या. मूर्ख होते ते, पण टाळी ती टाळीच. त्याने मान झुकवून तिचा स्वीकार केला आणि कोणी मागितले नसताना अखेरचे वाक्य पुन्हा म्हटले. "क्षमा कर, देवी!"

या वेळी घुमारा परत आला नाही.

शब्द त्याच्या तोंडातून निघाले आणि कोनाड्याच्या काळोखात शिरले. कापसात सुई शिरावी तसे. मग गळ्यातल्या हेडफोनमधून, अगदी बारीक पण स्वच्छ, त्याचा आवाज आला.

'छान... दे इकडे.'

आमेदेओने तोंड उघडले. ओठ हलले, जीभ हलली, गळ्याच्या शिरा ताणल्या गेल्या. आवाज उमटला नाही. घोगरासुद्धा नाही. मागे नुन्झियाटा मावशीने फडके खाली ठेवले.

"साध्या आवाजात म्हटलं होतं मी," ती म्हणाली, पण ते त्याला उद्देशून नव्हते. मृताच्या घरी बोलावे तशी ती कोणाकडेच न पाहता बोलली, आणि कपाळाला हात लावून तिने क्रूसाची खूण केली. कोपऱ्यातल्या कवटीच्या कपाळावर पाण्याचे थेंब जमू लागले होते.

घरी येऊन त्याने गरम पाणी घेतले, मध चाटला, आरशापुढे तोंड वासून घसा पाहिला. घसा गुलाबी आणि निरोगी होता. दुखत काहीच नव्हते. रिकाम्या डब्याला जसे काही दुखत नाही, तसे.

सकाळी फोन वाजला. बेनेदेत्ताबाई. त्याने सवयीने फोन कानाला लावला आणि मग आठवले की आपल्याला बोलता येत नाही. निदान नखाने टकटक करून तिला थांबवावे, असा विचार तो करीत होता.

"अभिनंदन, आमेदेओसाहेब! काल रात्री पाठवलेली नवी फीत ऐकली आणि लगेच टूरमध्ये लावलीही. अप्रतिम!"

त्याने काहीच पाठवलेले नव्हते.

"नाही नाही, उगाच विनय नको," बाई हसत म्हणाली. तिकडे तिला कोणीतरी उत्तर दिले होते. "यंत्राचा विषय संपला आता. हा आवाज आम्ही कधीच सोडणार नाही, शब्द देते."

आमेदेओने फोनवर नख आपटले, पुन्हा आपटले.

"हो ना! त्या कवटीची रडकथा काढून टाकलीत ते बरं केलंत. तिच्या जागी तो नट... सगळ्या नाटक कंपनीला दगा देऊन मित्रांना पोलिसांच्या हाती देणारा. आणि त्याला चक्क स्वतःचं नाव दिलंत! काय विनोद आहे तुमचा. नाव ऐकूनच लोक खूश होतील, दिवसभर तेच म्हणत राहतील." बाई थांबली, ऐकत राहिली, आणि पुन्हा हसली. "अगदी खरं. शेवट तर कळस आहे. नट मेलेला, आणि त्याचं बंद घर दाखवायला लोकांना थेट त्याच्या खिडकीखाली आणता. पहिले लोक पोहोचलेही असतील बघा. बरं, ठेवते. तुम्ही बोला त्यांच्याशी."

फोन बंद झाला. आपण कोणाला कधीही दगा दिलेला नाही, हे आमेदेओला ओरडून सांगायचे होते. ज्याला सांगावे असा एकही माणूस घरात नव्हता, आणि ओरडायला त्याच्याजवळ काही नव्हते.

खाली गल्लीत पावले थांबल्याची चाहूल लागली. तो खिडकीशी गेला.

पाहुणे उभे होते. कानांवर हेडफोन, तोंडे अर्धवट उघडी, सगळ्यांच्या माना वर. आमेदेओने दोन्ही हात हलवले, छातीवर बोट ठेवून 'मी, मी आहे' अशा खुणा केल्या. कोणाच्या चेहऱ्यावरची रेषही हलली नाही. तेव्हा कुठे त्याच्या लक्षात आले की ते त्याच्याकडे पाहतच नाहीत. त्यांची नजर त्याच्या डाव्या खांद्यावरून, किंचित मागे, खोलीच्या आत गेली होती, आणि तिथून तळघरातला तो ओल्या दगडाचा आणि मेणाचा वास येत होता.

त्यांच्यातल्या एका वृद्ध गृहस्थाने काही क्षण तसेच पाहिले. मग दारात आलेल्या बाईमाणसाला द्यावा तसा मान देत त्याने डोक्यावरची टोपी उतरवली आणि तो जरा बाजूला सरकला, जणू तिला खाली उतरायला वाट करून देत होता.