साराचं कडवं

त्या शुक्रवारी जेकब अष्टमकर रोह्याहून पेणला गेला, तो निव्वळ दुरुस्तीला टाकलेला टेपरेकॉर्डर आणायला. थोरला मुलगा डॅनियल इस्रायलला जाऊन स्थायिक झालेला. टेप त्यानंच पाठवलेला, आणि सोबत ती कॅसेट. प्रेमाचं गाणं. पुरुष हिब्रूत आळवतो, बाई मराठीत उत्तर देते. दोन वर्षं झाली, चौऱ्याण्णव साल उजाडलं, तरी गाणं काही शिळं होईना. धाटावच्या कंपन्यांच्या बसमध्ये तेच, हळदीच्या मांडवात तेच. पुरुषाचं एक अक्षर कुणाला कळेल तर शपथ, पण म्हाताऱ्यासुद्धा माना डोलवायच्या.

"आता कॅसेट आपोआप उलटते भाऊ, हात लावाया नको," मेकॅनिक केरू म्हणाला. "अन् रागावू नका, तुमच्या कॅसेटवरनं आणखी धा कॉप्या काढल्या. गिऱ्हाईक ऐकतच नाय."

यात रागवायचं काय? जेकब हसला आणि एसटीत बसला. पण वडखळच्या नाक्यावर गाडी तासभर अडकली आणि तो घरी पोचेपर्यंत सूर्य टेकला.

साराला दम कुठला! बावीस वर्षांची घोडी, बालवाडीत पोरांना गाणी शिकवायची, पण घरात अजून पोरच. तिनं टेप हातातून ओढून घेतला, कॅसेट घातली, बटण दाबलं. त्याच क्षणी तिची आई हन्ना हिनं शब्बाथचा दिवा लावला. झालं! ज्यूंच्या घरात एकदा हा दिवा लागला, की उद्या संध्याकाळी तीन तारे दिसेपर्यंत विस्तवाला हात नाही, बटणाला नाही. गाणं चालूच राहिलं. तिघं एकमेकांकडे बघून हसले.

"गिरजाबाई येईल की सकाळी," हन्ना म्हणाली.

शेजारची गिरजाबाई गेली तीस वर्षं दर शनिवारी येऊन यांचा बल्ब बंद करत होती. तिला सांगायचं मात्र नाही. सांगितलं तर ते काम आपणच केल्यासारखं. तिचं तिनं ओळखायचं, आणि ती ओळखायची.

रात्र कानांवर उशा दाबून गेली. सकाळी गिरजाबाई आली, बल्ब घालवला. जेकब टेपकडे टक लावून बघत राहिला. एकदा खाकरला. गिरजाबाईनं टेपकडे हात नेला आणि तिथंच थांबली.

"अगो बाय... साराचा आवाज हाय व्हय यात? केवढा गोड! असू द्या, असू द्या, ऐका तुमी."

आणि तेच गुणगुणत निघून गेली.

जेकबनं कान दिला. कॅसेटमधली बाई जाड, पिकल्या गळ्याची होती. आता तो आवाज बारीक झाला होता, आणि ओळ संपताना किंचित अडखळत होता. लहानपणापासून सारा तशीच अडखळायची. सारा टेपशेजारी मांडी घालून बाईचं कडवं म्हणत होती.

"पुरे झालं गो, सारा."

"व्हय..." ती म्हणाली. तेवढं एकच, तेही विहिरीतून आल्यासारखं. दुपारी नुसती कुजबुज उरली. ऊन कलल्यावर ओठ तेवढे हलत होते.

"बंद करा ते..." हन्ना हळू म्हणाली.

"घसा बसलाय तिचा. जीव वाचवायला शब्बाथ मोडता येतो. घसा बसला म्हणून नाय."

"अहो, जीवच जातोय तिचा..."

जेकब अंगणात जाऊन आभाळाकडे बघायचा आणि परत यायचा. ऊन काही हटत नव्हतं. रोह्यात ज्यूंची दोनच घरं उरलेली, आणि आपण आयुष्यात एकदाही शब्बाथ मोडला नाही याचा त्याला केवढा अभिमान! आज त्याच अभिमानाची त्याला भीती वाटत होती, पण पाय उचलत नव्हता.

अंधारायला लागलं. तारा एकच दिसला होता. सारानं त्याचा हात घट्ट धरला. तिचे ओठ हलले, आणि पुरुषाच्या दोन ओळींच्या मधे टेपमधून आवाज आला, "बाबा..."

जेकबनं झेप घालून बटण दाबलं. फीत आत करकरली, गुंडाळली, तुटली. घर एकदम गप्प झालं. साराचं तोंड उघडंच होतं.

तेव्हापासून ती बोललेली नाही. रोह्याचा डॉक्टर झाला, पेणचा झाला, मुंबईचाही झाला. सगळे म्हणाले, गळा चांगला आहे. बटण दाबायला उशीर झाला, की आणखी दोन तारे थांबायला हवं होतं? हे कुणाला विचारायचं? हन्नाला विचारायची त्याची छाती झाली नाही.

पावसाळ्यात एकदा धाटावच्या शिफ्टला जाताना बसमध्ये ते गाणं लागलं. ड्रायव्हर हैबतरावची कॅसेट दोन वर्षांपूर्वीची, चांगली घासलेली. बाईचं कडवं आलं आणि गाऊ लागली सारा. जेकब ते बंद करायला उठला, आणि परत खाली बसला. लेकीचा आवाज त्याला दुसरा कुठं मिळणार होता? आता तो रोज हैबतरावच्या पाठीमागची जागा धरतो. घरी सांगत नाही.

पण दिवाळीपासून तिच्या कडव्यात हिब्रू येऊ लागलंय. साराला हिब्रू प्रार्थनेपुरतंही धड येत नव्हतं. आधी एक ओळ बदलली, मग दुसरी. बसमधल्या माणसांना त्याचं काही नाही, ती टाळ्या वाजवत ऐकतात. इकडे घरी हन्ना "जेव गो बाय" म्हणते, तर सारा तिच्या तोंडाकडे नुसती बघत राहते, काही कळलंच नसल्यासारखी.

काल कडव्यात मराठीची एकच ओळ उरली होती.