साक्रीहून आलेला नकार

"ती पांढरी रेघ दिसते ना, तो फेस आहे का हो?"

प्रश्न मागून आला. राजदीपने पाण्याकडे पाहतच उत्तर दिले, कारण अनोळखी मुलीच्या आवाजाकडे वळून पाहण्याइतका धीटपणा त्याच्या अंगी कधीच नव्हता.

"नाही… पक्षी आहेत. कुरव. समुद्रकाठचे."

"समुद्रकाठचे? मग इथे, आपल्या खानदेशात काय करतात?"

"हिवाळा काढतात."

"म्हणजे समुद्र सोडून आपल्याकडेही कुणी येतं तर!" ती हसली. थंडीने किंचित कापणारे, पण मोकळे हसू.

जानेवारीतला रविवार होता. हतनूर धरणाच्या फुगवट्यावर धुके इतके दाट होते, की पलीकडचा काठ दिसतच नव्हता. पक्षी दाखवण्यासाठी दिवसभराची सहल नेणारे ज्ञानेश्वर भाऊ कानटोपी सावरत सगळ्यांपुढे उभे राहिले. त्यांचा नियम ठरलेला होता. माणसे सहा, होडी एक, दुर्बिणी तीन. जोडीतल्या एकाने पाहायचे, दुसऱ्याने तक्त्यावर लिहायचे. अर्ध्या तासाने अदलाबदल. आणि पाण्यावर कुणीही मोठ्याने बोलायचे नाही.

"जोड्या यादीच्या क्रमाने," ते म्हणाले. "तीन आणि चार. राजदीप, यावल. मृणाली… धुळ्यात शिक्षिका, मूळ गाव साक्री."

राजदीपच्या हातातला चहाचा कागदी पेला चेपला गेला. मागचे हसूही तिथल्या तिथे थांबले.

साक्री. सव्वा वर्षापूर्वी, दिवाळी झाल्यावर, तो आईवडिलांबरोबर तिथे गेला होता. मुलगी पाहायला. तसे पाहिले तर त्याने काहीच पाहिले नव्हते. पोह्यांची बशी, तिच्यावरची निळी वेलबुट्टी आणि फरशीवरचा एक तडा, एवढेच त्याला आठवत होते. आठ दिवसांनी मध्यस्थ छगनमामांचा फोन आला: मुलीकडून नाही म्हणतात, कारण सांगत नाहीत. त्या दिवसापासून घरात साक्रीचे नाव निघत नसे. बातम्यांत साक्रीला पाऊस सांगितला, तरी आई, द्रौपदाबाई, टीव्हीचा आवाज कमी करीत. राजदीप मात्र बायोडेटासोबत आलेला तो एक फोटो परत पाठवायला विसरला होता… किंवा तसे त्याने घरी सांगितले होते.

फोटोतली मुलगी साडीत होती, अवघडलेली. इथे खाकी जर्किन घातलेली ही मुलगी होडीत उडी मारून बसली, आणि तिने दुर्बिणीचा पट्टा गळ्यात घातला.

"पहिल्यांदा मी पाहते," ती म्हणाली. "तुम्ही लिहा. तुम्हाला मान खाली घालायची सवय असेल."

राजदीपने पेन्सिल उचलली.  तिने त्याला ओळखले होते.

होडीवाल्या झुलाल आबांनी वल्हे मारले. पाणी इतके निश्चल होते की वल्ह्यावरून निथळणारा थेंबन् थेंब ऐकू येत होता. धुके हळूहळू वर सरकू लागले, आणि पलीकडच्या केळीच्या बागा हिरव्या पट्ट्यासारख्या उलगडल्या.

"लिहा," ती कुजबुजली. "चक्रवाक, अकरा. शेकाट्या, चार… नाही, पाच. एक जण दुसऱ्याच्या मागे लपलाय. लाजाळू दिसतो."

राजदीपने पाच लिहिले.

"अक्षर सुरेख आहे तुमचं. पत्रं लिहिता का कुणाला?"

"नाही."

"बोलतही नाही, लिहीतही नाही. मग लोकांना कळायचं तरी कसं?"

त्याच्याकडे उत्तर होते. सव्वा वर्षापासून होते. पण ते ओठांपर्यंत यायच्या आत पुढच्या फळीवरून अमळनेरच्या बेबाबाई वळल्या. आयुष्यभर दवाखान्यात परिचारिका म्हणून राबलेल्या या बाईंना कुजबुजणे मुळीच जमत नव्हते.

"पक्षी पानीमा शेतस रे भो, वहीमा नही! जरा वर दख!"

होडीभर दबलेले हसू पसरले. मृणालीने गळ्यातली दुर्बीण काढून त्याच्यापुढे धरली. "अक्कांचं ऐका. तशीही अदलाबदलीची वेळ झालीय."

त्याने दुर्बीण डोळ्यांना लावली. आधी सगळे पुसट, मग चक्र फिरवता फिरवता त्या पांढऱ्या रेघेतला एकेक पक्षी सुटा झाला. लाल चोच, लाल पाय, आणि डोळ्यामागे काजळाचे बोट टेकवल्यासारखा ठिपका. कुठल्या बर्फाळ सरोवरावरून हे निघाले असतील, कुठल्या किनाऱ्याकडे जाता जाता या तापीकाठी उतरले असतील… आणि उतरले ते नेमके आजच्या दिवशी, या होडीपुढे.  हे तिला सांगावे म्हणून त्याने दुर्बीण खाली घेतली आणि वळला.

तिचा चेहरा दीड हातावर होता. उजव्या भुवईत लहानशी जुनी खोक. थंडीने लाल झालेले नाकाचे टोक. फोटोत यातले काहीच नव्हते.

"काय लिहू?" पेन्सिल रोखून तिने विचारले.

"अं… कुरव."

"किती?"

"एक."

"समोर हजारभर आहेत!"

"हो… हजारभर लिहा."

तिने मान खाली घातली. आता लपवायची पाळी तिची होती, कारण तिच्या ओठांच्या कोपऱ्यात काहीतरी हलले, आणि त्याला ते स्पष्ट दिसले.

दुपारी बाभळींच्या सावलीत केळीची पाने मांडली गेली. भरीत, कळण्याची भाकरी, ठेचा. ज्ञानेश्वर भाऊ जेवता जेवता तक्ते तपासत होते.

"तीन आणि चार नंबर! साडेनऊ ते दहा, या रकान्यात 'कुरव, एक हजार' आणि पुढे काहीच नाही? बाकीचे पक्षी काय रजेवर होते?"

"धुकं होतं," दोघे एकदमच म्हणाले. बेबाबाईंना ठसका लागला.

आपापली पाने उचलून दोघे पाण्याच्या कडेला आले.  मग तिनेच विचारले, आणि या वेळी तिच्या आवाजात थट्टा नव्हती.

"त्या दिवशी मोठी माणसं म्हणाली, दोघं गच्चीवर जाऊन बोला. तुम्ही म्हणालात, 'नाही, ठीक आहे.' मी आधीच वर जाऊन दोन खुर्च्या पुसून ठेवल्या होत्या. अर्धा तास कठड्याशी उभी होते… तुमची गाडी सुरू झाल्याचा आवाज आला, तेव्हा कळलं. काय ठीक होतं, राजदीप?"

तिच्या तोंडून आपले नाव प्रथमच ऐकताना त्याला वाटले, हे नाव आजवर कुणी इतके सरळ उच्चारलेच नव्हते.

"माझी मोठी बहीण, शिल्पाताई," त्याने सुरुवात केली. वाक्ये अडखळत होती, पण थांबत नव्हती. "तिला सात घरांनी पाहिलं. प्रत्येक वेळी ती गच्चीवर गेली. प्रत्येकाने प्रश्न विचारले… स्वयंपाक येतो का, नोकरी सोडशील का, चष्म्याचा नंबर किती. खाली आली की ती भांडी घासायला बसायची. घासलेलीच, पुन्हा. मी तेव्हाच ठरवलं होतं, आपण कुठल्याच मुलीला असं तपासायचं नाही. 'नाही, ठीक आहे' म्हणजे… मला काहीच तपासायचं नव्हतं. माझ्या मनात तो होकारच होता."

 काठावरच्या ओल्या चिखलात एक टिटवी तुरुतुरु पळाली आणि थबकली.

"आणि मला काही विचारायचं असेल," ती हलकेच म्हणाली, "हे तुमच्या मनात आलंच नाही?"

 सव्वा वर्ष जपलेले उत्तर त्या एका वाक्यापुढे पुरे पडत नव्हते.

"नाही आलं," तो म्हणाला. "ती माझी चूक. तुम्ही वर वाट पाहत असाल, हे मला… आत्ता कळतंय." मग, थोडे थांबून: "तुम्ही नकार दिलात, त्याबद्दल तुमचे आभार मानले तर चालेल का?"

"अहो, आभार कसले?"

"होकार आला असता, तर न विचारण्यालाच मी जन्मभर आदर समजत राहिलो असतो. आणि तुम्ही जन्मभर गच्चीवर उभ्या राहिल्या असता."

ती हसली नाही. पण तिने हातातले केळीचे पान खाली ठेवले आणि त्याच्याकडे पूर्ण वळली.

"मग आता विचारते. खरं सांगायचं."

"विचारा."

"तुमच्या घरी भांडी कोण घासतं?"

"सकाळची बाबा, रात्रीची मी. ताईच्या लग्नानंतर तसं ठरलं."

"जळगावला नोकरी करता ना? काय काम?"

"प्रयोगशाळेत. शेतातली माती तपासतो."

"बघा, मातीला तपासता! तिची ना नाही वाटतं?" डोळ्यांत थट्टा परतली होती. "बरं, शेवटचं. माझी शाळा धुळ्यात. मी ती सोडणार नाही. मग?"

"मधे पारोळा लागतं," राजदीप म्हणाला. "तिथे घर घेतलं तर दोघांनाही रोज जाऊन येता येईल. तुम्हाला थोडं जवळ पडेल. मला चालेल ते."

मृणाली त्याच्याकडे पाहतच राहिली. "हे आत्ता सुचलं?"

"नाही." त्याचे कान तापले. "सव्वा वर्षापूर्वी. साक्रीहून परतताना, गाडीत."

वाऱ्याने पाण्यावर बारीक सुरकुती उठवली. कुरवांचा थवा उगीचच उठला, उन्हात वळून क्षणभर सगळाच्या सगळा चांदीचा झाला, आणि पुन्हा बसला. दोघांपैकी एकानेही तो मोजला नाही.

"पण उपयोग काय?" ती पुटपुटली. "नकार देणाऱ्या घरी तुमच्याकडचे पुन्हा येणार नाहीत. आणि नाकारलेल्या मुलाला पुन्हा बोलवा म्हणून आमच्याकडचे कुणी तोंड उघडणार नाहीत. आपल्याकडे असं होतच नाही…"

ते खरे होते. छगनमामा या कामी पाऊल टाकणार नव्हते. आईने तर तो रस्ताच नकाशातून काढून टाकला होता. चार वाजता भुसावळची गाडी निघणार होती. आता साडेतीन झाले होते. राजदीपला स्वतःचाच आवाज ऐकू आला.

"तुमच्या वडिलांशी… नानांशी मी बोलू का?"

"तुम्ही? कधी?"

"आत्ताच. उद्यापर्यंत माझा धीर राहणार नाही."

तिने नंबर लावला आणि फोन त्याच्या हाती दिला. तिची बोटे गार होती.

"बोल, बेटा," पलीकडून भटू नानांचा खर्जातला आवाज आला.

"नाना, जय भीम. मी राजदीप. यावलचा. मृणालीच्या सहलीत आहे."

"जय भीम. कोनता राजदीप?"

"गच्चीवर जायला ज्याने नाही म्हटलं होतं… तो."

 पलीकडून खोकला, मग तो खोकला नसून हसणे आहे, हे राजदीपला हळूहळू उमगले.

"अरे, तुले बोलता येस का भो! आम्हले ते वाटनं, पोरगा मुका शे!"

"येतं, नाना. त्या दिवशी चुकलो. मुलीला प्रश्न विचारायचे नाहीत एवढंच ठरवलं होतं. तिला विचारायचे असतील, हे सुचलंच नाही. तुमच्या घराचा अपमान झाला, त्याची माफी मागायची होती. आणि… पुन्हा येऊ का, हे विचारायचं होतं."

आता नाना हसत नव्हते.

"आज तिनी इचारं का तुले?"

"विचारलं. सगळं विचारलं."

"आनि?"

"तिचं उत्तर मी नाही सांगू शकत, नाना. ते तिचं आहे."

फोनवर मोठा श्वास ऐकू आला. वर्षभर कुठेतरी अडकून राहिलेला असावा तसा.

"मंग तिलेच इचार. ती हो म्हनस व्हई, ते पुढला रईवारले घर ये. छगन नको, कोनी मधला मानूस नको. एकलाच ये."

फोन बंद झाला. राजदीप तो दोन्ही हातांत धरून उभा राहिला. त्या क्षणी त्याला सगळ्यांचेच आभार मानावेसे वाटत होते. ज्ञानेश्वर भाऊंच्या तीनच दुर्बिणींचे, बेबाबाईंच्या न दबणाऱ्या आवाजाचे, समुद्र सोडून इथवर आलेल्या त्या पाखरांचे. पण ज्या माणसाचे आभार सगळ्यात आधी मानायचे, ते समोर उभे होते, आणि भुवईतल्या खोकेखालून त्याच्याकडे रोखून पाहत होते.

"काय म्हणाले नाना?"

"तुम्हाला विचारायला सांगितलं."

"मग विचारा की."

त्याने विचारले, "रविवारी साक्रीला येऊ का?" चारच शब्द होते, आणि तेही पुरते सरळ आले नाहीत. वरच्या रस्त्यावर गाडीचा हॉर्न वाजला, बेबाबाईंनी "चला रे भो!" म्हणून आरोळी दिली.

मृणालीने त्याच्या हातातून आपला फोन घेतला, जर्किनच्या खिशात टाकला आणि चढावर दोन पावले पुढे जाऊन वळली.

"यावलहून साक्रीला यायचं तर धुळ्याला गाडी बदलावी लागते," ती म्हणाली. "रविवारी सकाळी दहाला मी स्टँडवर थांबते."

"पण नाना म्हणाले, एकटाच ये."

"या की एकटे," ती हसली. "धुळ्यापर्यंत."