दहावी रेघ

टेस्ट ट्यूब बेबीच्या दवाखान्यात लॅबवाल्या बाईंचं सकाळचं पहिलं काम टाकी मोजण्याचं. पद्धत साधी. लाकडी पट्टी टाकीच्या तळापर्यंत बुडवायची आणि बाहेर काढून हवेत हलवायची. जिथवर थंडगार द्रव नायट्रोजन असेल तिथवर पट्टीवर पांढरं दव गोठतं. तो आकडा वहीत लिहायचा. त्या गारठ्यात लोकांचे भ्रूण जपून ठेवलेले असायचे आणि लोकांचे जीव त्यांच्यात अडकलेले.

दोन महिन्यांपूर्वी मुलीच्या आजारपणात बाई आठ दिवस रजेवर होत्या. मोजायचं काम डॉक्टरांच्या मेहुण्याकडे गेलं. या पठ्ठ्याने एकदाही पट्टी न बुडवता रोज तोच आकडा लिहिला. बाई परतल्या तेव्हा पट्टी कोरडी ठणठणीत निघाली.

"नवी टाकी मागवा. आणि याची वाच्यता नको," डॉक्टर म्हणाले.

मग ते एकेकीला बोलावून सांगू लागले की तुमच्याच बीजात दम नव्हता. चोर तो चोर, वर शिरजोर! आठ बायका मान खाली घालून गेल्या. आठही वेळा बाई गप्प बसल्या आणि त्यांना स्वतःचीच चीड आली.

आज नववी, एक शिक्षिका. तिची फाइल आणायला बाई अडगळीच्या खोलीत गेल्या. जुनी टाकी कोपऱ्यात उघडीच पडली होती. बाहेर दुपारचं ऊन रणरणत होतं, पण आत दातखीळ बसेल असा गारठा. कुठेतरी बारीक आवाज... टिक... टिक... बर्फाला तडा जावा तसा. तिथेच पडलेली जुनी पट्टी बाईंनी सवयीने रिकाम्या टाकीत सोडली आणि वर काढली.

पट्टीवर दव होतं, पण सलग नव्हतं. बारीक पांढऱ्या रेघा होत्या, वेगवेगळ्या उंचीवर. घरी भिंतीवर बाई आपल्या मुलीची उंची पेन्सिलने मांडायच्या, अगदी तशा. मोजायचं धाडस झालं नाही.

पट्टी हातात घेऊनच त्या डॉक्टरांच्या खोलीत शिरल्या.

"शरीरानेच साथ दिली नाही, त्याला काय करणार?" डॉक्टर सांगत होते.

"मी पहिल्यापासून म्हणत होते," शिक्षिकेची सासू पुटपुटली. शिक्षिका नखाने टेबलाची कड कोरत होती.

बाईंचं डोकं सणकलं. "खोटं आहे हे! टाकी आटली होती, त्यातच तुमचे भ्रूण गेले. यांच्या मेहुण्याने मोजलीच नव्हती. तुमच्यात काही दोष नाही, ताई."

"बाई, आधी बाहेर व्हा!" डॉक्टर ओरडले, आणि त्यांची नजर पट्टीवर गेली. त्यांनी खुर्ची मागे सरकवली.

"किती होते?" शिक्षिकेने हळूच विचारलं.

"चार."

सासू उठली. "म्हणजे तुमच्या पापासाठी मी माझ्या सुनेला बोल लावत होते?"

बाईंनी पट्टीकडे पाहिलं. एक रेघ नाहीशी झाली होती.

नोकरी गेली. गेली उडत! टाकीच्या वहीत मागे प्रत्येकीचं नाव-पत्ता होता; ते घेऊन बाई बाकी आठ घरी गेल्या. कुठे शिव्या खाल्ल्या, कुठे तोंडावर दार आपटलं, कुठे एकजण गळ्यात पडून ओक्साबोक्शी रडली. प्रत्येक घरानंतर एक रेघ जायची.

नऊ झाल्या. रेघ एक उरली. वही दहादा चाळली, तरी नावं नऊच. शेवटी त्यांनी डॉक्टरांना फोन लावला.

"दहावी कोण आहे?"



"कुणी नाही," डॉक्टर म्हणाले. "वहीत... लिहिलं नव्हतं." फोन बंद झाला. त्यानंतर त्यांनी तो उचलला नाही.

कुणाला तरी अजून सांगायचं राहिलंय, आणि ती कोण हे ज्याला ठाऊक आहे तो तोंड शिवून बसलाय. बाई रोज त्याला शिव्या घालतात. पट्टी घरात भिंतीला टेकवून उभी आहे. रेघ रोज बोटभर वर चढायची, मूल वाढावं तशी.

आज सकाळी पट्टी कोरडी होती. रेघ भिंतीवर होती, मुलीच्या चार वर्षांच्या खुणेशेजारी, बोट चिकटेल इतकी गार.